सुवारीचा डावा हात: प्रकल्प नोंदी, 2024

11 फेब्रुवारी 2024

मंडळाच्या खोलीत पहिली बैठक झाली. पुढे भरकटायला नको म्हणून काम काय ते एका वाक्यात लिहून भिंतीला लावलं: आमच्या डिचोली तालुक्यातल्या या गावात घुमट, शामेळ आणि कासाळे यांवर वाजणारी सुवारी आज जेवढी शिल्लक आहे तेवढी नोंदवायची, आणि नोंदवता नोंदवताच ती तरुणांच्या हातात उतरवायची.

या नोंदी गोव्याबाहेरही वाचल्या जातील, म्हणून वाद्यांची ओळख इथेच करून देतो. घुमट म्हणजे दोन्ही बाजूंनी उघडं मातीचं भांडं. मोठ्या तोंडावर चामडं ताणून बांधतात, लहान तोंड उघडं ठेवतात. ते गळ्यात अडकवून किंवा मांडीवर घेऊन वाजवायचं. उजव्या हाताची बोटं चामड्यावर, डावा तळवा लहान तोंडाशी. शामेळ हेही चामड्याचं तालवाद्य, ते काठ्यांनी वाजतं, आणि कासाळे म्हणजे काशाची जड झांज. तिन्ही मिळून ताफा होतो.

बैठकीत एकाने रास्त प्रश्न विचारला. घुमटाला आता काय धोका आहे? 2019 साली गोवा सरकारने त्याला राज्याचं वारसा वाद्य म्हणून घोषित केलं. वाड्यावाड्यांवर घुमट आरती पथकं आहेत, स्पर्धा होतात, महिलांचीही पथकं आहेत. हे सगळं खरं आहे, आणि चांगलंच आहे. पण आरतीची साथ वेगळी आणि सुवारी वेगळी. आरतीत गाणं पुढे असतं आणि घुमट मागून येतं. सुवारीत गाण्याच्या ओळी मोजक्या, बाकी सगळं वादन. ती संथ सुरू होते आणि चढत जायला वेळ घेते. आज गावात तो वेळ द्यायला कुणी तयार नाही. सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाजवू शकणारे तिघेच उरलेत: घुमटवाले आबा, शामेळवाले काका आणि कासाळेवाले काका. तिघांनीही सत्तरी ओलांडली आहे. बाकीच्यांना अधले-मधले तुकडे येतात, त्यातले बहुतेक तुकडे शेवटच्या चढत्या भागातले, कारण आरतीत तेच खपतात.

घुमट वाढतंय आणि सुवारी आटतेय. काम या दोन गोष्टींच्या मधल्या जागेत आहे.

25 फेब्रुवारी

जुन्या ध्वनिफिती ऐकल्या. मंडळातल्या एका कुटुंबाने कपाटात जपून ठेवलेल्या कॅसेट, बऱ्याचशा चवथीच्या, म्हणजे गणेश चतुर्थीच्या, दिवसांत घरात टेप लावून भरलेल्या. मध्येच कुकरची शिट्टी, पोरांचा गोंगाट, पाऊस. आधी त्या संगणकावर उतरवून घेतल्या, 48 किलोहर्ट्झ आणि 24 बिटच्या वेव्ह फाइलमध्ये. एमपी3 वेगळी, फक्त ऐकायला. मूळ फाइलवर सफाईचे प्रयोग करायचे नाहीत, खरखर तशीच राहू द्यायची. उद्या यापेक्षा चांगली साधनं येतील, तेव्हा त्यांना मूळ आवाज हवा असेल.

दुपारी आबांना ऐकवलं. ते डोळे मिटून ऐकत होते आणि त्यांचा डावा हात मांडीवर आपोआप हलत होता. उजवा स्वस्थ. मी विचारलं, आबा, उजव्या हाताचे बोल तर समजतात, डावा काय करतोय? म्हणाले, “तोच तर वाजवतोय.”

मग त्यांनी घुमट घेऊन दाखवलं. उजव्या हाताने एकच थाप, पुन्हा पुन्हा, जोर तोच. डावा तळवा लहान तोंडापासून दूर असताना आवाज मोकळा आणि थोडा चढा. तळवा जवळ आणत गेले तसा स्वर खाली वाकत गेला. पूर्ण झाकल्यावर नुसता ठोका उरला, घुम गेली. भांड्यातली हवा किती मोकळी ठेवायची, हे तो तळवा ठरवतो. घुमट बोलतं म्हणतात ते त्या तळव्यामुळे.

मंडळाकडे असलेली आणि लोकांच्या फोनवर फिरणारी घुमट वादनाच्या चित्रफिती आता या नजरेने पाहिल्या. बहुतेक ठिकाणी कॅमेरा समोर, चामड्याच्या बाजूला. डावा हात भांड्याआड. ज्यांना त्या पाहून शिकायचंय त्यांना निम्मंच वादन दिसतं. तरुण पथकांत डावा हात नुसता टेकलेला का असतो, याचं एक कारण इथे सापडतं.

आपल्या चित्रीकरणात एक कॅमेरा कायम डावीकडे. हा नियम आजच वहीत लिहिला.

28 मार्च

शिगमो, म्हणजे गोव्यातला शिमगा. डिचोलीत आपल्याकडे फाल्गुन पौर्णिमेनंतर मोठा शिगमो असतो. फोंडा, तिसवाडीकडचा धाकटा त्याआधीच उरकतो. मांडावर, म्हणजे गावाच्या ठरलेल्या पवित्र जागेवर, ताफा उभा राहिला, देवांना आळवणारं नमन झालं, जत हे शिगम्याचं गाणं झालं.

नमन आम्ही नोंदवलं नाही. मांडकरी मंडळींशी आधी बोलणं झालं होतं. नमन मांडावरचं आणि शिगम्यातलं. ते एरवी म्हणत नाहीत, मग एरवी ऐकू येईल अशा यंत्रात का भरायचं, असं त्यांचं म्हणणं. जतन म्हणजे सगळं भरून ठेवणं असं मानणाऱ्यांना हे पटणार नाही. मला पटतं. ज्या गोष्टीला जागा आणि काळ ठरलेला आहे ती त्या जागेवर, त्या काळातच पोरांनी ऐकायला हवी, आणि त्यासाठी पोरांना मांडावर आणणं हेच काम. नमनानंतरच्या वादनाला मात्र हरकत नव्हती. ते आवाज आणि चित्र दोन्ही घेतलं.

मांडावर एक गोष्ट कळली. बसून वाजवताना आणि चालत वाजवताना डावा हात सारखा नसतो. घुमट गळ्यात अडकवलं की तळव्यावर भांडं तोलायचीही जबाबदारी येते, त्यामुळे बारीक हालचाली कमी होतात आणि उघड-मीट ठळक होते. सुवारीचा संथ भाग बसूनच का वाजवतात, ते यातून समजतं.

14 एप्रिल

डिचोलीत कुंभारमामांकडे. घुमटाचं भांडं करणारे हात आता थोडेच राहिलेत, आणि मामा त्यातले एक. चाक विजेवर चालतं, बाकी काम पूर्वीसारखंच.

सकाळभर पाहत बसलो. मातीचा गोळा चाकावर मधोमध बसवला, अंगठ्याने पोकळ केला, भिंत वर चढवली. इथवर माठच. मग पोट फुगवून मान आवळायला सुरुवात केली. माठाला बूड असतं, घुमटाला नसतं, त्यामुळे आकार सांभाळायला आधार नाही. ओलसर असतानाच चाकावरून काढून थोडं सुकवलं, मग उलटं करून दुसरं तोंड घडवलं. मोठ्या तोंडाच्या काठाला बाहेरून जाडसर कड ठेवली. चामड्यावरची दोरी त्या कडेखाली अडकते. कड पातळ राहिली तर दोरी निसटते, जाड झाली तर भाजताना तिथेच तडा जातो.

मी जाडीबद्दल विचारलं. मामांनी एक भाजलेलं भांडं बोटाच्या पेराने वाजवलं. ठण्ण. दुसरं वाजवलं, आवाज भद्द आला. दिसायला दोन्ही सारखीच. दुसऱ्याला केसाएवढी चीर होती, डोळ्यांना न दिसणारी. “कानान पळोवचें,” म्हणाले, म्हणजे कानाने पाहायचं.

अडचण मातीची आहे आणि वेळेचीही. माती शेतातली लागते. शेतं पडीक पडली, भराव टाकले गेले, तशी चांगली माती मिळायची ठिकाणं कमी झाली. आणि घुमटाची मागणी येते चवथीच्या तोंडावर, भर पावसात, तेव्हा भांडं सुकत नाही. मे संपायच्या आत भट्टी लागली पाहिजे. म्हणजे मामांनी आपले पैसे घालून आधी भांडी करून ठेवायची आणि चवथीपर्यंत गिऱ्हाइकाची वाट पाहायची. पुढची पिढी या धंद्यात यायला का कचरते हे विचारायचीच गरज नाही.

मंडळाने आज ठरवलं की पोरांना शिकवायच्या वर्गासाठी लागणारी भांडी आत्ताच सांगायची, आणि निम्मे पैसे आगाऊ द्यायचे. दरवर्षी. गावातली दोन आरती पथकंही यात यायला तयार आहेत. जतनाच्या गप्पांत हा खर्च कुणी मांडत नाही, पण भांडंच नसेल तर डावा हात ठेवायचा कुठे?

फायबरच्या भांड्याची सूचना परत आली. हलकं, फुटत नाही, स्वस्त. आंध्र-तेलंगणात बुर्रकथेत, म्हणजे तिकडच्या कथागायनात, गुम्मेटा वाजतो, आपल्या घुमटाचाच भाऊबंद, तो मातीसोबत धातूचाही करतात हे खरं आहे. मिरवणुकीसाठी कुणी फायबर वापरलं तर माझी तक्रार नाही. शिकण्याचं घुमट मात्र मातीचंच हवं, कारण मातीची भिंत स्वतः घुमते आणि शिकणाऱ्याच्या मांडीला ते कळतं.

5 मे

चामड्याचा दिवस. याबद्दल सविस्तर लिहिणं भाग आहे.

घुमटावर पूर्वी घोरपडीचं कातडं असायचं. पातळ, चिवट, आवाज कडक, आणि पावसाळी हवेत लवकर न उतरणारं, म्हणजे सैल न पडणारं. घोरपड 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. मारणं, कातडं विकणं, बाळगणं, सगळंच गुन्हा. शिक्षा 3 ते 7 वर्षांची कैद. कायदा योग्य आहे. वाद्यासाठी एक प्राणी संपवावा असं आमच्यापैकी कुणालाच वाटत नाही, आबांनाही नाही. वारसा वाद्य म्हणून घुमट आज ताठ मानेने मिरवतं, कारण त्यावर आता बकऱ्याचं चामडं आहे.

मंडळाचे नियम ठरले. कुणाकडे जुनं घोरपडीचं घुमट आहे का, हे विचारायचं नाही. कुणी आणलं तर ते वाजवायचं नाही, चित्रित करायचं नाही. जुना आवाज कसा होता ते कॅसेटमध्ये आहे, तेवढं पुरे.

पण बकऱ्याचं चामडं निवडायचं कसं, हे वेगळं शास्त्र आहे आणि ते अजून घडतंय. बरेच जण बाजारात मिळेल ते चढवतात आणि मग घुमट ढब्ब वाजतं म्हणून बकऱ्याला दोष देतात. आज शामेळवाल्या काकांनी दाखवलं. चामडं लहान बकऱ्याचं, म्हणजे पातळ. पाठीच्या कण्यावरचा पट्टा जाड असतो, तो मधोमध आला तर एका बाजूला आवाज वेगळा येतो, म्हणून कुशीकडचा भाग घ्यायचा. चुन्यात ठेवून केस काढलेले. रात्रभर पाण्यात भिजवलेलं. मग आतल्या बाजूचा पडदा बोथट सुरीने खरवडायचा, आणि इथे घाई केलेली चालत नाही. काका दर काही वेळाने चामडं उजेडासमोर धरत होते. जिथे उजेड कमी झिरपतो तिथे अजून खरवडायचं. सगळीकडून उजेड सारखा आला की झालं.

बांधायला चौघे लागले. दोघांनी ताणून धरलं, एकाने भांडं घट्ट पकडलं, काकांनी कडेखालून दोरीचे वेढे दिले. प्रत्येक वेढ्याला चामडं खाली ओढायचं, सुरकुती दिसली की तिथेच थांबून परत. उन्हात ठेवायचं नाही, चरचरून फाटतं. सावलीत, वारा लागेल असं.

काकांचं म्हणणं, बकऱ्याच्या चामड्याला खर्ज जास्त आहे, तो दोष म्हणून न घेता डाव्या हाताला दिलेली जागा म्हणून घ्यायचा. वाकवायला स्वर जास्त मिळतो. मला हे फार महत्त्वाचं वाटलं. घोरपडीचा कडक आवाज परत आणायच्या नादात पोरं चामडं इतकं ताणतात की घुमट ताशासारखं वाजतं, आणि मग डाव्या हाताला कामच उरत नाही.

26 मे

चढवलेली घुमटं सुकली. एक फाटलं, बाकी चांगली आहेत. वर्गासाठी नावं घेतली. मुलींची नावं मुलांइतकीच आली. पूर्वी ताफ्यात बाया नसत. आबांना विचारलं तर म्हणाले, हात बघू, बाकी काय बघायचं.

16 जून

पाऊस लागला आणि सगळी चामडी उतरली. शिकायच्या आधी घुमट शेकायचं कसं ते शिकवावं लागलं. निखाऱ्यांवर हात धरून ऊब पाहायची, मग चामडं फिरवत धरायचं, एका जागी थांबवायचं नाही. घरोघरी आता चुली नाहीत, त्यामुळे बल्बखाली ठेवणारे आहेत, केस वाळवायचं यंत्र वापरणारेही. जास्त तापलं की चामडं ताणून फुटतं, एवढं लक्षात ठेवलं तर काहीही चालेल.

वर्गाची रीत आबांनी ठरवली. पहिले काही रविवार उजवा हात मांडीवर ठेवायचा. आबा स्वतः चामड्यावर थाप देणार आणि शिकणाऱ्याने शेजारी बसून फक्त डावा तळवा त्या घुमटाच्या तोंडाशी चालवायचा. एक घुमट, दोन माणसं. आबांची थाप एकसारखी, तळवा जसा फिरेल तसा आवाज. चूक झाली तर लगेच ऐकू येते, आणि सगळ्यांना ऐकू येते. पोरं आधी हसली, मग गप्प झाली. तळवा घट्ट दाबून ठेवायची सवय सगळ्यांचीच. आबा एकच सांगतात, “हात मेकळो दवर,” हात मोकळा ठेव.

अशा शिकवणीला पूर्वी नाव नव्हतं, कारण ती शिकवणी नव्हतीच. पोर बापाच्या मांडीला टेकून बसायचं आणि त्याचा हात त्या तोंडाशी खेळायचा. आता बापच पणजीला नोकरीला जातो आणि रात्री उशिरा येतो. ते बसणं रविवारी परत घडवून आणायचं, एवढंच आम्ही केलं.

7 जुलै

दक्षिण गोव्यातल्या सासष्टीत एका किरिस्ताव घरी गेलो होतो. घुमट आपलंच, असं दोन्हीकडचे लोक म्हणतात आणि दोन्हीकडचे खरं बोलतात. तिथे ते मांडो आणि दुलपद या कोंकणी गाण्यांच्या साथीला असतं, व्हायोलिनबरोबर. मांडो संथ, दुलपद चपळ.

घरातल्या वडीलधाऱ्या अंकलनी बसून वाजवलं. मला डावा हात पाहायचा होता. मांडोत त्यांचा तळवा जवळजवळ सतत तोंडापासून थोडा दूर राहतो आणि ओळ संपताना एकदाच हलके मिटतो, गाणाऱ्याला श्वास घ्यायला जागा करून देतो. आमच्या सुवारीत तळवा याहून कितीतरी जास्त चालतो. पण संथ लय धरून ठेवायची आणि मोकळं सोडायचं धैर्य दाखवायचं, हे दोन्हीकडे सारखं. आमच्या पोरांना इथे घेऊन यायला हवं. अंकल म्हणाले, कधीही या, फक्त पाव खाऊन जायचं.

4 ऑगस्ट

मुख्य ध्वनिमुद्रण. मंडळाची खोली सोडून एका जुन्या घराच्या चौकालगतच्या सोप्यात बसलो, कारण तिथे जमीन शेणाने सारवलेली आहे आणि आवाज उगाच आपटत नाही. पाऊस थांबलेला होता. तीन माइक: एक चामड्याकडे, एक लहान तोंडाजवळ पण तळव्याच्या वाऱ्यापासून बाजूला, एक वर सगळ्या ताफ्यासाठी. कॅमेरे दोन, एक डावीकडे. सुरुवातीला एक टाळी, म्हणजे नंतर सगळं जुळवता येतं.

कासाळ्यांनी लय धरली. बराच वेळ फक्त कासाळे आणि शामेळाची बारीक काठी. मग आबांचं घुमट आलं, आणि ते आलंय हे आधी कळलंच नाही, इतकं हळू. पहिली ओळ गायली. ओळ संपली की वादन, त्याला आमच्याकडे वाजप म्हणतात. प्रत्येक वाजप आधीच्यापेक्षा थोडं लांब. लय वाढते ती वाजपात, आणि पुढची ओळ वाढलेल्या लयीत उचलली जाते. स्पर्धेच्या मंचावर ठरावीक वेळेत सगळं बसवायचं असतं, तिथे ही पायरी-पायरीची वाढ मावत नाही. परीक्षकांना किंवा पथकांना दोष देण्यात अर्थ नाही, पण सुवारीचा जीव त्या पायऱ्यांत आहे हे ठामपणे सांगायला हवं.

नंतर डावीकडची चित्रफीत संथ करून पाहिली. संथ भागात आबांची करंगळी भांड्याच्या काठाला टेकलेली असते, तेवढीच, आणि बाकी तळवा तिच्या आधाराने दारासारखा उघडतो-मिटतो. अंगठ्याकडून आधी उघडतो. समेवर पूर्ण मिटतो, पण थापेच्या क्षणभर आधी, म्हणजे समेचा ठोका कोरडा येतो आणि लगेच उघडलेल्या तळव्यातून घुम सुटते. कोरडा आणि मग घुम. कॅसेटमध्ये ही जागा ऐकू येत होती पण कशी येते ते कळत नव्हतं. लय दुप्पट झाली की करंगळी काठ सोडते आणि सगळा हात मनगटातून चालू लागतो.

मग लिहायची पद्धत ठरवली. बोलांच्या ओळीखाली डाव्या हाताची दुसरी ओळ: उ म्हणजे उघडा, अ अर्धा, मि मिटलेला, आणि जिथे थापेनंतर हात सरकतो तिथे स. आबांना वाचायला दिलं. त्यांनी चष्मा लावून एक पान पूर्ण पाहिलं, दोन ठिकाणी अ चा स करायला लावला आणि म्हणाले, ठीक आहे, पण हे वाचून कुणी वाजवणार नाही, विसरल्यावर आठवायला उपयोगी पडेल. तेवढ्यासाठीच ते आहे.

शामेळवाल्या काकांनी त्यांच्या काठ्यांसाठीही असंच काही करा म्हणून सांगितलं. करायचंय. शामेळाच्या दोन्ही काठ्या समोरून दिसतात, म्हणून त्या सोप्या असा आमचा समज नको.

7 ते 11 सप्टेंबर

चवथ. या दिवसांत वहीत थोडंच लिहिलं गेलं, घरोघरी आरत्या होत्या. वर्गातली पोरं आपापल्या पथकांत वाजवत होती. आरतीच्या साथीत त्यांचे डावे हात हलताना दिसले. सगळ्यांचे नाही, पण दिसले.

तिसऱ्या रात्री एका घरी आरत्या आटोपल्यावर यजमानांनी आबांना सुवारी वाजवायला सांगितलं. आबांनी घुमट वर्गातल्या एका मुलीकडे दिलं आणि स्वतः कासाळे घेतले. शामेळावर काका. तिने पहिले दोन वाजप पूर्ण वाजवले, संथ. तिसऱ्यात लय वाढताना तिचा तळवा टेकला आणि आवाज बसला. आबांनी कासाळे न थांबवता लय थोडी खाली आणली, तिला परत उघडायला जागा मिळाली, आणि ती पुढे गेली. ऐकणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांच्या हे लक्षातही आलं नसेल. दोडामार्गहून आलेले पाहुणे, जे स्वतः तिकडच्या पथकात वाजवतात, त्यांच्या मात्र लक्षात आलं. त्यांच्याकडेही घुमट आरती जोरात आहे आणि संथ वादन कुणाला येत नाही. त्यांना आमच्या वर्गाला यायचंय.

पुढच्या कामासाठी नोंद: चढत्या लयीत, करंगळी काठावरून उचलायच्या जागी, हात टेकतो. ही अडचण वर्गात सगळ्यांचीच आहे. त्यासाठी वेगळा सराव लागेल, फक्त त्या एका बदलाचा.

20 ऑक्टोबर

साठवणीचं काम पूर्ण केलं. सगळ्या फाइलच्या तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक गावाबाहेर. प्रत्येक फाइलच्या नावात दिनांक, जागा, वाद्य आणि प्रकार. सोबत एक साधी मजकूर फाइल: कोण वाजवतंय, चामडं कसलं, हवा कशी होती, कॅमेरा कुठे होता. हवेची नोंद कशाला म्हणून एकाने विचारलं. आषाढातलं घुमट आणि वैशाखातलं घुमट एकच असलं तरी आवाज एक नसतो. पन्नास वर्षांनी ऐकणाऱ्याला हे माहीत असलं पाहिजे.

वादकांची लेखी संमती घेतली, आणि संमती एकदा दिली म्हणजे कायमची नाही, असं त्यात लिहिलं. ध्वनिमुद्रणाचा हक्क मंडळाचा आणि वादकांचा. कुणी जाहिरातीला किंवा गाण्यात तुकडा वापरायला मागितला तर आधी वादकांना विचारायचं. एक प्रत बाहेरच्या मोठ्या संग्रहात ठेवावी का, यावर बोलणं झालं. गुरुग्रामला लोकसंगीताचा आणि शास्त्रीय संगीताचा संग्रह सांभाळणारं, 1982 साली सुरू झालेलं केंद्र आहे आणि त्यांनी गोव्यातल्या कलाकारांसोबत काम केलेलं आहे. ज्यांचं संगीत आहे त्यांनी घातलेल्या अटी मान्य असतील तिथेच ठेवायचं, असं मंडळाचं मत पडलं. पत्र पाठवायचंय.

घुमटाच्या भांड्यांची पुढच्या वर्षीची आगाऊ रक्कम मामांना आजच पोचती केली. या वेळी दोडामार्गच्या पथकाचाही वाटा आहे. मामांच्या पुतण्याने चाकावर बसायला सुरुवात केली आहे, अजून माठच करतो, घुमटाची मान त्याला जमत नाही.

राहिलेलं काम: शामेळाच्या काठ्यांची लिपी. कासाळेवाल्या काकांचं स्वतंत्र चित्रीकरण, कारण लय कुठे वाढवायची हा निर्णय त्यांचा असतो आणि तो ते कसा घेतात हे अजून आमच्या कुणाच्याच नीट लक्षात आलेलं नाही. सुवारीतली आणखी दोन पदं, जी आबांना आठवतात पण चाल अर्धीच आठवते. शेजारच्या गावातल्या एका वृद्ध गायकाला त्यातलं एक येतं असं कळलंय. पुढचा रविवार त्यांच्याकडे, डावीकडचा कॅमेरा घेऊन.